आहेराची वही

लग्न मोडलं की पोटगीबद्दल लोक उघड बोलतात, मुलं कोणाकडे राहणार याची चौकशी करतात. सासरी राहिलेल्या वस्तूंचा विषय निघाला की मात्र आवाज खाली जातो. "जाऊ दे गं, सुटलीस तेच खूप झालं. सोनं काय, पुन्हा करता येईल," असं मला जवळच्या बऱ्याच बायकांनी सांगितलं, आणि मायेनंच सांगितलं. माझं मत तेव्हाही वेगळं होतं, आजही आहे. ते सोनं माझ्या आबांनी, म्हणजे वडिलांनी, शाळेत शिकवून, दर दिवाळीला थोडंथोडं बाजूला टाकून केलेलं होतं. ते सोडून देण्यात मोठेपणा आहे असं मला कधी वाटलं नाही. शिवाय "जाऊ दे" हे फक्त मलाच सांगितलं जात होतं. ज्यांनी ते ठेवून घेतलं होतं त्यांना "देऊन टाका" असं सांगायला कोणी गेलं नव्हतं.

माझं माहेर विट्याचं. आमच्या खानापूर-आटपाडी भागातली माणसं सोन्याचांदीच्या गलाईसाठी, म्हणजे ते आटवून शुद्ध करण्याच्या कामासाठी, देशभर पांगलेली आहेत. माझे धाकटे काकाही कोइमतूरला तेच काम करतात. त्यामुळे आमच्या घरात सोन्याचं बोलणं नवं नाही. किती तोळे, टंच म्हणजे शुद्धता किती, आटवल्यावर घट किती, हे शब्द मी लहानपणापासून ऐकत आले. माझं लग्न डिसेंबर २०१६ मध्ये झालं. दागिने आबांनी त्या दिवाळीतच घेतले होते. त्या वर्षीपासून दोन लाखांच्या वरच्या खरेदीला पॅन क्रमांक लागत होता, म्हणून सराफाचं पक्कं बिल झालं आणि पैसे चेकनं गेले. दिवाळी संपते न संपते तोच, ८ नोव्हेंबरला, नोटाबंदी जाहीर झाली. लग्नासाठी बँकेतून अडीच लाखांपर्यंत रोख काढायची सवलत होती, पण त्यासाठी पत्रिका, पावत्या आणि कोणाला किती द्यायचे याची यादी द्यावी लागे. आबा पहाटेपासून बँकेच्या रांगेत उभे राहत. मंडपवाला, आचारी, भांडीवाला, सगळ्यांना शक्य तिथे चेक दिले. तेव्हा तो नुसता मनस्ताप होता. पुढे त्याच कागदांनी माझी बाजू धरली.

लग्न का मोडलं ते इथे सांगत नाही. ते वेगळं आहे आणि माझ्यापुरतं संपलेलं आहे. ऑगस्ट २०१९ मध्ये, सांगली-कोल्हापूरचा महापूर ओसरल्यावर, मी पुण्याहून विट्याला आले. गळ्यात मंगळसूत्र, कानात कुड्या, बॅगेत चार कपडे आणि शिक्षणाची सर्टिफिकेटं. बाकी सगळं तिथेच राहिलं.

पोलिसांच्या महिला कक्षात दोन्ही बाजूंना बोलावून समुपदेशन झालं. नांदायला जायचं की नाही, यावरच सगळा वेळ गेला. सामानाचं मी काढलं तेव्हा तिकडून उत्तर आलं, "नांदायला ये, सामान तुझंच आहे." म्हणजे सामान माझं असायला मी तिथे असणं भाग होतं. त्या एका वाक्यावरून मला कळलं की हे बोलून मिळणार नाही.

विट्यातल्याच एका वकीलबाईंकडे मी आणि आबा गेलो. आबांना त्या माणसांना आत टाकायचं होतं. वकीलबाईंनी शांतपणे विचारलं, "सर, तुम्हाला त्यांना शिक्षा हवी का मुलीच्या वस्तू हव्या? दोन्ही मिळू शकतं, पण आधी काय ते ठरवा." मग माझ्याकडे वळून म्हणाल्या, "आणि ठरवायचं हिनं. स्त्रीधन हिचं आहे, तुमचं नाही." आबांना ते लागलं. पैसे त्यांचे, घाम त्यांचा. पण कायदा तसाच आहे. लग्नाच्या आधी, लग्नात किंवा नंतर मुलीला जे दिलं जातं, ते माहेरच्यांनी देवो, सासरच्यांनी देवो, नवऱ्यानं देवो किंवा मैत्रिणीनं देवो, ते तिच्या एकटीच्या मालकीचं असतं. पुढे २०२४ मध्ये तेलंगणातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं हेच सांगितलं: मुलीनं अधिकार दिलेला नसताना बापाला स्वतःहून तिच्या स्त्रीधनासाठी तक्रार करता येत नाही.

वकीलबाईंनी आणखी एक गोष्ट समजावली, ती मला फार महत्त्वाची वाटते. १९८५ मध्ये प्रतिभा राणी खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट केलं की स्त्रीधन सासरी ठेवलं म्हणून ते सासरचं होत नाही. सासरची माणसं ते फक्त सांभाळायला घेतात. मागितल्यावर दिलं नाही तर तो विश्वासघात, फौजदारी गुन्हा. तेव्हा त्यासाठी भारतीय दंड संहितेचं कलम ४०६ होतं. जुलै २०२४ पासून नव्या न्याय संहितेत ते कलम ३१६ झालं आहे. दुसरा रस्ता २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याचा. त्यात स्त्रीधन अडवून ठेवणं हाच आर्थिक छळ मानला आहे, आणि दंडाधिकारी ते परत करायचा थेट आदेश देऊ शकतात. हा अर्ज बाई सध्या जिथे राहते तिथल्या कोर्टात करता येतो, म्हणजे मला पुण्याला खेटे घालायची गरज नव्हती. हा कायदा कोणत्याही धर्माच्या बाईसाठी आहे. माझ्या शाळेतल्या एका मुस्लिम सहकारी शिक्षिकेला मी हे पुढे सांगितलं तेव्हा तिच्या वकिलांनी १९८६ चा वेगळा कायदाही दाखवला. घटस्फोटानंतर लग्नात मिळालेल्या सगळ्या वस्तू परत मिळण्याचा हक्क त्यातही लिहिलेला आहे.

मी दुसरा रस्ता घेतला. मला वस्तू हव्या होत्या.

"आता यादी आण," वकीलबाई म्हणाल्या. "आठवतं तसं नको. वस्तू काय, वजन किती, कोणी दिली, आत्ता कोणाकडे आहे. चार रकाने."

त्या यादीत आमचं सगळं घर गुंतलं. सोन्याचं सोपं होतं असं वाटलं: पाटल्यांची जोड ४ तोळे, चार बांगड्या ४ तोळे, राणीहार ३ तोळे, झुबे १ तोळा. सराफाचं बिल आबांच्या फायलीत होतं. आजीची बोरमाळ मात्र बिलाशिवायची. ती आजीला तिच्या आईनं घातलेली, मग माझ्या आईच्या गळ्यात, मग माझ्या. तिचं वजन दीड तोळा हे सगळ्यांना पाठ, पण कागद कुठलाच नाही. आईनं ट्रंकेतून आजीचा जुना फोटो काढला. काळ्यापांढऱ्या फोटोत बोरमाळेचे मणी स्पष्ट दिसत होते. वकीलबाईंनी तो फोटो ठेवून घेतला आणि म्हणाल्या, "पुरावा म्हणजे फक्त बिल नाही."

लग्नाचा अल्बम आणि सीडी सासरी. विट्यातल्या फोटोग्राफरकडे मूळ फायली जपून ठेवलेल्या होत्या, हे नशीब. हळदीचे, लग्नाचे, पाठवणीचे फोटो त्यानं काढून दिले. कोर्टात असे फोटो नुसते चालत नाहीत. ते कोणत्या यंत्रावरून घेतले याचं त्याचं सहीचं प्रमाणपत्र लागतं, तेही दिलं. पाठवणीच्या फोटोत माझ्या अंगावरचा एकेक दागिना वकीलबाईंनी पेन्सिलीनं क्रमांक घालून यादीशी जुळवला.

मग निघाली आहेराची वही. आमच्याकडे लग्नात मांडवाच्या कडेला एक माणूस वही घेऊन बसतो आणि कोणी काय आहेर केला ते लिहून घेतो. पुढे त्यांच्या घरी कार्य निघालं की आपण काय करायचं ते त्यावरून ठरतं. माझ्या लग्नात हे काम मामांनी केलं होतं. त्यांचं अक्षर सुवाच्य आणि स्वभाव चोख. नाव, गाव, रोख किती, वस्तू काय. पितळी घंगाळ, तांब्याचा हंडा, कळशी, स्टीलची टाकी, पोळपाट, पुरणयंत्र, दुधाची किटली, समयांची जोड, चांदीचा करंडा, पैठणी. कोणत्या मावशीनं मिक्सर दिला, आबांच्या शाळेतल्या शिक्षकांनी मिळून फ्रीज दिला, सगळं तारखेनिशी. वरपक्षाकडचे आहेर मामांनी वेगळ्या पानावर लिहिले होते. ती वही कोणी कोर्टासाठी लिहिली नव्हती, म्हणूनच तिच्यावर शंका घेणं अवघड गेलं. वकीलबाईंनी ती उघडली आणि बराच वेळ मान वर केली नाही.

दुसरा एक कागद होता, तो जपून हाताळावा लागला. लग्न ठरवताना बैठकीत जी याद केली जाते, तिच्यावर दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांच्या सह्या होत्या. मुलीच्या अंगावर किती सोनं, मुलाला अंगठी आणि चेन, करणी-मानपान, लग्न कोणी करायचं, सगळं त्यात. माझ्या १२ तोळ्यांचा उल्लेख सासऱ्यांच्या सहीसकट होता, ही जमेची बाजू. पण त्याच कागदात नवऱ्याच्या अंगावरचंही लिहिलेलं, आणि फ्लॅटसाठी आबांनी द्यायचे दोन लाखही. १९६१ च्या कायद्यानं हुंडा घेणं गुन्हा तसा देणंही गुन्हा. वकीलबाईंनी आबांना समोर बसवून तो कायदा समजावला: पीडित व्यक्तीनं दिलेल्या जबाबावरून तिच्यावरच या कायद्याखाली खटला चालवता येत नाही, अशी तरतूद त्यात आहे, आणि हुंडा म्हणून काही दिलं गेलं असेल तर ते घेणाऱ्यानं ठरल्या मुदतीत मुलीच्या नावे करायचं असतं, ते त्याचं होत नाही. आबांनी ऐकून घेतलं. मुलाची अंगठी, चेन आणि मांडवाचा, जेवणावळीचा खर्च आम्ही यादीत धरला नाही. तो माझ्या स्त्रीधनात येत नाही. आबांना हे पटायला वेळ लागला, कारण कर्ज त्या खर्चासाठीच काढलं होतं.

आधी रजिस्टर एडीनं नोटीस गेली, सोबत पूर्ण यादी. त्यांच्या वकिलांचं उत्तर आलं: भांडी, कपाट, फ्रीज घरी आहेत, पण दागिने सगळे ती जातानाच घेऊन गेली. हे उत्तर बहुतेक प्रकरणांत येतं, असं वकीलबाई म्हणाल्या. त्यांनी विचारलं, दागिने त्यांच्याकडे होते असं त्यांच्यापैकी कोणी कधी लिहिलंय का? मला आठवलं. लग्नानंतरच्या पहिल्या आषाढात मी रिवाजाप्रमाणे माहेरी आले होते, तेव्हा सासूबाईंनी व्हॉट्सअॅपवर लिहिलं होतं की पाटल्या, बांगड्या, राणीहार लॉकरला ठेवून आलो, घर बंद असतं, काळजी करू नको. तो जुना फोन आईच्या कपाटात होता. चार्ज केल्यावर सुरू झाला. निरोप होता. त्यानंतर ते दागिने मी एका लग्नापुरते बाहेर काढले होते आणि त्यांच्याच हाती परत दिले होते.

लॉकर सासूबाई आणि नवरा यांच्या नावावर. कोर्टामार्फत बँकेकडून लॉकर उघडल्याच्या नोंदी मागवल्या. मी विट्याला आले त्याच आठवड्यात तो उघडला गेल्याचं त्यात होतं. त्यावरून आत काय होतं ते सिद्ध होत नाही, हेही वकीलबाईंनी सांगून ठेवलं. पण सासूबाईंचा निरोप, बँकेची नोंद, फोटो, बिल आणि याद एकापुढे एक ठेवल्यावर "ती घेऊन गेली" हे म्हणणं टिकणं कठीण झालं.

मधे लॉकडाऊन आला. मार्च २०२० नंतर कोर्टाचं नेहमीचं कामकाज थांबलं आणि आमचा अर्ज तसाच पडून राहिला. या कायद्याच्या अर्जाचा निकाल साठ दिवसांत देण्याचा प्रयत्न करावा असं कायद्यात लिहिलं आहे. प्रत्यक्षात महिने जातात. ते महिने वाईट गेले. गल्लीतल्या बायका आईला विचारत, "अजून नाही आलं का?" आणि आई मान हलवून आत जाई. त्या काळात मी एक काम केलं: त्या घरातल्या किंवा लॉकरमधल्या माझ्या वस्तू विकू नयेत, हलवू नयेत, असा अंतरिम आदेश मिळावा म्हणून वकीलबाईंच्या मागे लागले. कोर्ट सुरू झाल्यावर तो आदेश आधी मिळाला. त्याचा भंग झाला तर शिक्षा आहे. त्यानंतर समोरच्या वकिलांची भाषा मऊ झाली.

घरातलं सामान आणायला आम्ही जानेवारी २०२१ मध्ये गेलो. संरक्षण अधिकारी, एक महिला कॉन्स्टेबल, दोन पंच, मामा आणि मी. आबांना मुद्दाम नेलं नाही. खाली छोटा हत्ती टेम्पो उभा केला होता. वर गेल्यावर सासूबाईंनी दार उघडलं आणि एकही शब्द न बोलता बाजूला झाल्या. मी त्यांना "आई" म्हणत असे. त्या दिवशी काहीच म्हणाले नाही.

भांड्यांवरून वाद सुरू झाला. नणंद म्हणाली, ही आमची, ही आमची. मामांनी हंडा उचलला आणि कॉन्स्टेबलसमोर उलटा धरला. भांड्याच्या दुकानात आहेराच्या भांड्यावर नाव कोरून घ्यायची आपल्याकडे पद्धत आहे. बुडाशी, काठाखाली, बारीक ठिपक्यांत देणाऱ्याचं नाव आणि गाव होतं. "वहीत बघा, पान सहा," मामा म्हणाले. पान सहावर तेच नाव. मग कळशी, मग घंगाळ, मग टाकी. काही भांड्यांवर देणाऱ्यानं कोणाच्या तरी स्मरणार्थ असं घातलेलं, ते वाचताना पंचांचा आवाज आपोआप हळू झाला. नाव नसलेली भांडी आम्ही मागितली नाहीत, फक्त पुरणयंत्र सोडून. ते माझ्या आईच्या संसारातलं होतं आणि त्याच्या दांड्याला तिनं बांधलेली सुतळी मी ओळखली. कॉन्स्टेबल मला म्हणाली, "ताई, घ्या. लिहून घेते."

फ्रीज बंद पडलेला होता. त्याची अवस्था पंचनाम्यात लिहून घेतली आणि तो तिथेच सोडला. कपाट उघडलं तर माझे कपडे होते, पैठणी होती, लग्नाचा शालू नव्हता. तो कुठे गेला ते आजही ठाऊक नाही. माझी पुस्तकं एका पोत्यात भरून गॅलरीत ठेवलेली, पावसानं फुगलेली. मला त्या दिवशी रडू आलं ते त्या पोत्यापाशी. दागिन्यांचा विषय तोपर्यंत निघालाही नव्हता.

प्रत्येक वस्तूची अवस्था लिहून, सगळ्यांच्या सह्या होईपर्यंत संध्याकाळ झाली. एक गोष्ट ठामपणे सांगते: अशा वेळी एकटीनं, भावाबरोबर गुपचूप जाऊन वस्तू उचलून आणू नयेत. दुसऱ्या दिवशी चोरीची तक्रार होते आणि आपण फिर्यादीऐवजी आरोपी होतो. माझ्या ओळखीतल्या एकीचं असं झालं आहे.

दागिने त्यांनी कोर्टात "सापडले" म्हणून हजर केले, तेव्हा २०२१ चा उन्हाळा होता. काका त्यासाठी कोइमतूरहून आले. वकीलबाईंनी आधीच बजावलं होतं की वजन आणि टंच बघितल्याशिवाय "मिळाले" या शब्दाखाली सही करायची नाही. दोन्ही बाजू मिळून सराफाच्या दुकानात गेलो. बांगड्या काट्यावर बिलाशी जुळल्या. राणीहार जुळला. झुबे जुळले. पाटल्या ४० ग्रॅमच्या हव्या होत्या, भरल्या २९. काकांनी त्या हातात घेतल्या, आतून फिरवून बघितल्या. बिलाच्या पाटल्यांवर ९१६ चा शिक्का आणि सराफाची खूण होती. ह्यांच्यावर दोन्ही नव्हतं. कसाच्या दगडावर रेघ ओढून त्यांनी तेजाब लावलं आणि माझ्याकडे बघून म्हणाले, "ही आपली पाटली न्हवं, पोरी."

समोरून कोणी म्हणालं, वापरून झिजल्या असतील. काका शांत माणूस. ते एवढंच म्हणाले की आयुष्यभर सोनं आटवतोय. दोन-तीन वर्षांत लॉकरमध्ये ११ ग्रॅम झिजत नाही, आणि शिक्का झिजला तरी त्याची जागा राहते. सराफानंही तेच लिहून दिलं. मी बांगड्या, राणीहार, झुबे मिळाल्याची सही केली. पाटल्यांपुढे "वर्णनाशी जुळत नाहीत, नाकारल्या" असं लिहिलं. तिथे काका नसते, बिलावर खुणेचा तपशील नसता, तर मी घरी आनंदानं दुसऱ्याच पाटल्या घेऊन आले असते.

पुढचं मध्यस्थीत मिटलं. पाटल्यांचे पैसे द्यायला ते तयार झाले, पण २०१६ च्या बिलाच्या भावानं, म्हणजे दहा ग्रॅमला ३० हजारांच्या आसपास. तेव्हा २२ कॅरेटचा भाव ४५ हजारांच्या पुढे होता. मी आजचा भाव मागितला. त्यात लोभ कसला? माझ्या पाटल्या माझ्या हातात असत्या तर मला आजचाच भाव मिळाला असता. दुसऱ्यानं अडवून ठेवल्या म्हणून वाढ त्याच्या पदरात पडायचं कारण नाही. मध्यस्थांना हे लगेच पटलं. फ्लॅटसाठी आबांनी चेकनं दिलेल्या दोन लाखांपैकी निम्मे परत आले. बाकीच्यांवर मी पाणी सोडलं, कारण त्यासाठी पुढची काही वर्षं तारखांना जायची माझी तयारी नव्हती.

राहिली बोरमाळ. ती आमच्याच घराण्यातली आहे, असं त्यांचं म्हणणं. आणि त्यांनी माझ्याकडे मंगळसूत्र मागितलं. मंगळसूत्राला दोन वाट्या असतात, एक माहेरची, एक सासरची. त्यांना त्यांची वाटी हवी होती, आणि लग्नात त्यांनी मला घातलेली ठुशी, जी त्यांच्याकडेच होती, तिच्यावरचा माझा हक्क मी सोडावा असंही. कायद्यानं वाटीही माझी, ठुशीही माझी. वकीलबाईंनी ते त्यांच्यासमोर स्वच्छ सांगितलं. मग मी आजीचा फोटो टेबलावर ठेवला. बराच वेळ कोणी बोललं नाही. मी म्हणाले, वाटी घ्या, ठुशी ठेवा, बोरमाळ द्या. हा सौदा माझ्या मर्जीचा होता. दीड तोळ्याच्या बदल्यात मी त्याहून जास्त दिलं असेल, हिशेब मी केला नाही. मंगळसूत्र तिथेच तोडलं, सासरची वाटी काढून टेबलावर ठेवली. पुढच्या तारखेला बोरमाळ आली. आईनं ती मण्यामण्यानं मोजून घेतली.

परस्पर संमतीचा घटस्फोट त्यानंतर झाला. संमतीपत्राच्या मसुद्यात एक ओळ होती, "सर्व वस्तू मिळाल्या असून यापुढे एकमेकांवर कोणताही दावा राहिलेला नाही." ती ओळ जवळजवळ प्रत्येक मसुद्यात असते. पाटल्यांचे पैसे खात्यात जमा होईपर्यंत मी त्या ओळीखाली सही केली नाही. घाई करणारे आमच्याकडचेच लोक होते.

२०२४ मध्ये केरळातल्या एका बाईच्या खटल्याचा निकाल वाचला. लग्नाच्या पहिल्याच रात्री तिचे ८९ सोव्हरिन वजनाचे दागिने सुरक्षित ठेवतो म्हणून नवऱ्यानं घेतले आणि आपल्या आईकडे दिले होते. कनिष्ठ न्यायालयानं तिच्या बाजूनं निकाल दिला, उच्च न्यायालयानं पुराव्याअभावी फिरवला, आणि सर्वोच्च न्यायालयानं तिला २५ लाख रुपये द्यायला सांगितले. न्यायालयानं म्हटलं की अशा दाव्यात फौजदारी खटल्यासारखा कडक पुरावा मागणं चूक आहे. काय घडलं असण्याची शक्यता जास्त, हे बघायचं. आणि स्त्रीधन हे नवराबायकोची सामाईक मालमत्ता नाही. नवऱ्यानं अडचणीत वापरलं तरी ते परत करणं त्याचं कर्तव्य आहे. ती बाई २००९ पासून, कौटुंबिक न्यायालयापासून, हे लढत होती. माझं दोन वर्षांत आटोपलं, ते त्या मानानं लवकर.

आता मुलींच्या आईबापांना आणि मुलींना सांगायचं ते. १९८५ च्या नियमांनुसार लग्नात मिळालेल्या भेटींची यादी करून, प्रत्येक वस्तूचं वर्णन, अंदाजे किंमत आणि देणाऱ्याचं नाव लिहून, त्यावर वधूवरांच्या सह्या घ्यायच्या असतात. हे आपल्याकडे जवळजवळ कोणी करत नाही, अशुभ वाटतं म्हणून. आहेराची वही लिहायला कोणाला अशुभ वाटत नाही. मग त्याच वहीत दोन पानं जास्त लिहा. बिलाची एक प्रत, दागिन्यांवरच्या शिक्क्याचे जवळून काढलेले फोटो आणि वहीची झेरॉक्स माहेरी ठेवा. २०२१ नंतर हॉलमार्क केलेल्या दागिन्यावर सहा अक्षर-अंकांचा वेगळा क्रमांक असतो, तो लिहून ठेवा. माझ्या वेळी तो असता तर पाटल्यांचा वाद काट्यापर्यंत गेलाच नसता. लॉकर घ्यायचा तर स्वतःच्या नावाचा घ्या.

आणि जिचं घर आधीच मोडलं आहे, तिला: लाजू नका, "जाऊ दे" ऐकू नका, वजन केल्याशिवाय सही करू नका. महाराष्ट्रात अशा दाव्यांत स्त्रीला कोर्ट फी माफ आहे. वकिलाला पैसे नसतील तर तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते. तिथे बाईला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. चार रकान्यांची यादी घेऊन तिथे जा.